खिरेवाडीचे हिरवे ठिपके

"हे हिरवं काय दिसतंय?"

घोलपनाना खुर्चीतून उठले आणि त्यांनी थेट पडद्यावरच बोट ठेवलं. प्रोजेक्टरचा उजेड त्यांच्या टोपीवर पडला आणि तालुक्याचा सगळा उत्तर भाग टोपीवरून घरंगळत त्यांच्या खांद्यावर आला.

"तिथे गोठे वाढतायत, नाना," यशोधन म्हणाला. "एकेक ठिपका म्हणजे एकेक चिठ्ठी. तीन महिन्यांत एकट्या खिरेवाडी केंद्रातून एकसष्ट."

"एकसष्ट गोठे वाढवले?"

"लोकांनीच लिहून कळवलंय. शिवाय नवीन जनावरं आल्याच्या चिठ्ठ्या वेगळ्या."

नानांनी मागे बसलेल्या संचालकांकडे वळून पाहिलं. "ऐका. आणि तुम्ही म्हणत होता, डोंगराकडची माणसं सुस्त आहेत म्हणून. शीतकरण केंद्र तिथंच होणार. सोमवारच्या सभेत मी जाहीर करतो."

टाळ्या वाजल्या. मी मागच्या रांगेत बसले होते. मीही वाजवल्या.

ही गोष्ट दोन हजार चार सालच्या जानेवारीतली. मी तेव्हा अडतीस वर्षांची होते. त्याआधीची नऊ वर्षं मी एका संशोधन संस्थेत मराठी शब्द सोलण्यात घालवली होती. 'घरासमोरच्यांनासुद्धा' असा शब्द संगणकाला दिला की त्याने एकेक पापुद्रा काढत आतलं 'घर' शोधायचं. ऐकायला सोपं, पण त्यासाठी प्रत्यय, अपवाद आणि अपवादांचेही अपवाद त्याला शिकवावे लागले. त्यावर मी परिषदांमध्ये निबंध वाचले, लोकांनी माना डोलावल्या, आणि निबंध कपाटात जाऊन बसले. एक दिवस माझा विद्यार्थी यशोधन पाटणकर म्हणाला, "मॅडम, हे कुणी वापरायला नको का?" त्या प्रश्नाने मला असं काही टोचलं की वर्षभरात मी नोकरीचा राजीनामा दिला, आणि कोथरूडच्या दोन खोल्यांत आम्ही 'उकल' नावाची कंपनी थाटली.

आम्हाला मिळालेलं पहिलं काम म्हणजे कळसगंगा सहकारी दूध संघ. पुण्याच्या उत्तरेला, डोंगर आणि ऊस यांच्या मधल्या पट्ट्यात या संघाची दीडशे दूध संकलन केंद्रं होती. प्रत्येक केंद्रावर एक पत्र्याची पेटी. दूध घालणाऱ्याने आपलं म्हणणं चिठ्ठीवर लिहून त्यात टाकायचं, आणि आठवड्याने चिठ्ठ्या दुधाच्या गाडीतून संघात यायच्या. पूर्वी वाव्हळ नावाचे एक कारकून त्या वाचत. ते निवृत्त झाले तेव्हा चिठ्ठ्यांचं काय करायचं हा प्रश्न संघाचे अध्यक्ष घोलपनाना यांना पडला, आणि त्याच सुमाराला यशोधन त्यांच्यासमोर जाऊन बसला. तीन मुली चिठ्ठ्या संगणकात टाइप करत, आमचा प्रोग्रॅम त्या वाचून त्यांचे गट पाडी: वाढ, नवीन आगमन, तक्रार, डॉक्टर, पेंड, चोरी, अपघात, इतर. नानांना महिन्याला एक नकाशा मिळे. तीन महिन्यांची चाचणी त्या गुरुवारी संपली होती. सोमवारी सर्वसाधारण सभेत करारावर सह्या व्हायच्या होत्या, आणि शेजारच्या दोन संघांचे अध्यक्ष ते बघायला येणार होते.

सादरीकरण संपवून आम्ही आवारात चहा घेत उभे होतो. समोरच पशुखाद्याचं गोदाम होतं. गोदामपाल सोनवणे फळ्यावर खडूने केंद्रांची नावं आणि गोण्यांचे आकडे लिहीत होते. खिरेवाडीपुढचा आकडा त्यांनी पुसला आणि त्याच्या निम्मा लिहिला.

"हे असं कसं?" मी विचारलं.

"मागणीच तेवढी आली, मॅडम." त्यांनी हात झटकले. "तिकडं गोठे वाढल्यात म्हणतात ना? मीबी ऐकलं आत्ता. मग गाया खातात काय? वारा?"

"दुसरीकडून घेत असतील पेंड," यशोधन म्हणाला.

"वाडीला दुसरं दुकान न्हाई, साहेब. किराणा घ्यायलाबी खाली यावं लागतं."

यशोधनने खांदे उडवले आणि तो संचालकांशी बोलायला गेला. मी फळ्यासमोर उभी राहिले. खरं सांगते, मला भीती वाटली नाही. मला गंमत वाटली. गोठे वाढतात आणि पेंड घटते, या दोन गोष्टी एका वाडीत शेजारी शेजारी नांदत होत्या, आणि त्यातली एक खोटी होती किंवा दोन्ही खऱ्या असून मधली तिसरी मला दिसत नव्हती. असं काही समोर आलं की मला जेवण गोड लागत नाही.

"उद्या खिरेवाडीला जाऊ," मी संध्याकाळी यशोधनला म्हटलं.

"सोमवारची तयारी कोण करणार?"

"नानांच्या भाषणात वाढवलेल्या गोठ्याचा एखादा फोटो असला तर?"

हे त्याला पटलं. शुक्रवारी सकाळी कॅमेरा गळ्यात अडकवून तो माझ्याबरोबर एसटीत बसला.

खिरेवाडीचा फाटा आला तेव्हा नऊ वाजून गेले होते. फाट्यापासून वाडीपर्यंत दोन्ही बाजूंना ऊस होता. काही शेतांतली तोड झालेली, काहींत अजून डोक्याच्या वर ऊस उभा. संकलन केंद्र म्हणजे एक पत्र्याची खोली. केंद्राचे सचिव बबन हाडवळे बाहेर बसून कॅन विसळत होते. पन्नाशीचा, सडपातळ, कमी बोलणारा माणूस. आम्ही संघाकडून आलोय म्हटल्यावर त्यांनी आम्हाला बाकावर बसवलं.

मी काही चिठ्ठ्यांच्या प्रती बरोबर नेल्या होत्या. सगळ्यात वरची भामाबाई औटी यांची होती. मी ती वाचून दाखवली: "'वस्तीवर जनावर आलं. गोठा वाढवला. गाडी उजाडल्यावर पाठवावी ही विनंती.' ह्यांच्याकडे जायचंय. ते आलेलं जनावर बघायचंय."

हाडवळ्यांनी हातातला कॅन खाली ठेवला. "बघायचंय?"

"हो. फोटोही काढू," यशोधन म्हणाला.

"फोटो?" त्यांनी एकदा माझ्याकडे, एकदा यशोधनच्या कॅमेऱ्याकडे पाहिलं. "साहेब, ते काय बोलावल्यावर येतं व्हय?"

"चरायला गेलं असेल तर आम्ही थांबू की."

हाडवळ्यांनी आम्हाला पुन्हा एकदा न्याहाळलं. आम्ही त्यांची चेष्टा करतोय की आम्हाला खरंच काही कळत नाही, याचा ते अंदाज घेत होते, हे मला नंतर समजलं.

"वनखात्याची माणसं का तुम्ही?"

"नाही, नाही. दूध संघाकडूनच."

"मग चला," ते उठले. "ते नसलं तरी गोठा बघा."

औट्यांची वस्ती वाडीपासून दहा मिनिटांवर, उसाला लागून होती. चार खोल्यांचं घर आणि बाजूला पत्र्याचा लांब गोठा. आम्ही गोठ्यात शिरलो. जमीन झाडून लख्ख केलेली होती. पाच खुंट्या ओळीने रोवलेल्या. दावी गुंडाळून खिळ्याला टांगलेली. गव्हाणीच्या कडेला हळदकुंकवाची बोटं होती. शेणाचा वास नव्हता, माशा नव्हत्या. गाय एकही नव्हती.

यशोधनने कॅमेरा डोळ्याला लावला आणि खाली घेतला. "नवीन गोठा कुठाय?"

"ह्योच गोठा," हाडवळे म्हणाले.

"मग वाढवलेला भाग?"

"वाढवलाय म्हटलं ना, पोरा," मागून आवाज आला. भामाबाई घरातून आल्या होत्या. साठीच्या आसपासच्या, उंच, काष्टा नेसलेल्या. "दिवाळीला पाच होत्या. दोन इकल्या, दोन लेकीकडं धाडल्या. एक कालवड त्यानं नेली."

"कोणी?"

भामाबाईंनी नाव घेतलं नाही. हनुवटीने उसाकडे खूण केली. "त्यानं."

मी त्या झाडलेल्या जमिनीवर उभी राहिले आणि रिकाम्या खुंट्या पुन्हा मोजल्या. माझ्या आईने उभ्या जन्मात बांगडी फुटली असा शब्द उच्चारला नव्हता. बांगडी वाढवली, असंच ती म्हणायची. देवापुढे नारळ वाढवायचा. आमच्या गल्लीतला वाणी रात्री दुकान वाढवून घरी जायचा. आणि सापाला आमच्याकडे कोणी साप म्हणत नसे, जनावर निघालं म्हणत. यातलं मला काय ठाऊक नव्हतं? सगळं ठाऊक होतं. पण प्रोग्रॅमला मी शिकवलं ते वर्तमानपत्रांतल्या मराठीवरून, आणि वर्तमानपत्रात शहर वाढतं, उत्पादन वाढतं, जनावरं बाजारात येतात.

"बिबट्या," यशोधन हळूच म्हणाला.

"नाव घेऊ नका हो दारात," हाडवळे म्हणाले.

"पण गोठा बंद केला असं सरळ का नाही लिहिलंत?" मी भामाबाईंना विचारलं. तक्रारीच्या सुरात नव्हे; मला खरंच त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं.

"बंद कशाला म्हणू? परत बांधायच्यात की गाया. लक्ष्मीच्या जागेला बंद झाली म्हटलं तर ती परतून येईल व्हय?"

त्यांची सून चहा घेऊन आली. संगीता तिचं नाव. पंचविशीची असेल. ट्रे तिने डाव्या हातात तोलून धरला होता; उजवा हात कोपरापासून मनगटापर्यंत पट्टीत होता. चहा देऊन झाल्यावर ती उंबऱ्यावर बसली.

"चिठ्ठी मी लिहिली," ती म्हणाली. "सासूबाईंना लिहिता येत न्हाई. म्या सात लिहिल्या."

"गाडीबद्दल?"

"दुसरं काय? आधी गाडी साडेसहाला यायची. दिवाळीनंतर पाचला करून टाकली, शहरात दूध लवकर पोचायला पायजे म्हणून. थंडीचं पाचला काळामिट्ट अंधार असतो, बाई. त्यात ऊसतोड चालू झाली की ते बाहेर पडतं. आम्ही बायाच दूध घेऊन जातो केंद्रावर, ह्या पाणंदीनं." तिने आत हात घालून एक कॅन ओढला आणि आमच्यासमोर ठेवला. झाकणावर चार समांतर ओरखडे होते, ॲल्युमिनियम सोलून निघालेलं. "आमच्या गाया गेल्या, तरी शेजारच्या वस्तीचं दूध मीच पोचवत होते. हे डोक्यावर होतं म्हणून वाचले. हातावर निभावलं."

मी प्रतीवरची तारीख पाहिली. अकरा नोव्हेंबर.

"हे कधी झालं?"

"चोवीस नोव्हेंबर."

मी चिठ्ठीची घडी केली, पुन्हा उघडली. संगीता माझ्या हाताकडे बघत होती.

"आमची चिठ्ठी वाचली का कुणी?" तिने विचारलं.

यशोधनने माझ्याकडे पाहिलं. त्याच्या डोळ्यांत 'नको' होतं.

"मशीनने वाचली," मी म्हणाले. "माणसाने नाही. मशीनला वाटलं, वस्तीवर नवीन गाय आली आणि तुम्ही गोठा मोठा केला. ते मशीन मी बनवलंय."

मला वाटलं, ती चिडेल. ती थोडी पुढे सरकली. "म्हंजे मशीनला वाटलं, आमचं झकास चाललंय?"

"हो."

"सातही चिठ्ठ्यांत?"

"सातही."

ती एकदाच हसली, आणि हसून झाल्यावर उठून आत गेली.

फाट्यावर एसटीची वाट बघताना यशोधन कॅमेऱ्याचा पट्टा बोटाला गुंडाळत-सोडत राहिला. मग सगळं एकदमच बोलला. "गाडीची वेळ मी आज फोन करून बदलून घेतो. मॅनेजर ओळखीचा आहे. शीतकरण केंद्राचं नानांना एकांतात सांगू, काहीतरी कारण काढू. पण सभेत नको, मॅडम. दोन संघांचे अध्यक्ष येतायत. पहिल्याच कामात यंत्र उलटं वाचतं असं झालं तर पुन्हा कोणी दारात उभं करणार नाही आपल्याला. पाच जणांनी आपल्या भरवशावर नोकऱ्या सोडल्यात. तुम्हीसुद्धा."

तो चुकीचं बोलत नव्हता. मी उलट विचारलं, "बाकीच्या ठिपक्यांचं काय?"

"कुठले बाकीचे?"

"पिवळे, लाल, निळे. हिरव्यांपैकी खिरेवाडीचे आपण पाहिले. उरलेल्यांत काय लिहिलंय, तुला माहितीये?"

त्याला माहिती नव्हतं. मलाही नव्हतं. तीन महिन्यांत आमच्यापैकी कोणी सलग वीस चिठ्ठ्यासुद्धा वाचल्या नव्हत्या. त्या वाचाव्या लागू नयेत म्हणून तर आम्हाला बोलावलं होतं.

शनिवारी सकाळी आम्ही संघाच्या कचेरीतल्या टेबलावर मूळ चिठ्ठ्यांचे गठ्ठे सोडले आणि हाताने वाचायला बसलो. वहीची पानं, कॅलेंडरचे कपटे, औषधाच्या खोक्यांचे पुठ्ठे. पहिल्या तासाला आमची तोंडं लांब होती. दुसऱ्या तासाला यशोधनने एक चिठ्ठी वाचली आणि तो खुर्चीत मागे रेलला.

"मॅडम, चोरीच्या गटात नव्वद चिठ्ठ्या आहेत."

"मग?"

"'आमची गाय दूध चोरते.'"

मी हसू दाबलं. गाय पान्हा वर ओढून धरते, दूध सोडत नाही, त्याला दूध चोरणं म्हणतात. आमच्या प्रोग्रॅमने नव्वद गाईंवर चोरीचा आळ घेतला होता. अपघाताच्या गटात 'गाय उलटली' अशा पन्नासभर चिठ्ठ्या निघाल्या. गाय कुठे घसरून पडली नव्हती. ती गाभण राहिली नव्हती, पुन्हा माजावर आली होती, आणि लोक डॉक्टर मागत होते. 'गाईला तोंड आलंय' ही चिठ्ठी नवीन आगमनांत होती. तिच्या तोंडात फोड आले होते.

दुपारपर्यंत आम्ही भाकरी खायचं विसरलो. मला कळेना, मी दुःखी आहे की खूश. शरमेने मान वर होत नव्हती, आणि तरी पुढची चिठ्ठी उचलायला हात शिवशिवत होता. नऊ वर्षं मी ज्या भाषेचे पापुद्रे काढत होते ती ही नव्हतीच. ही तिची सख्खी बहीण होती, आणि आमची आजवर भेट झाली नव्हती. रविवारी दुपारी शेवटचा गठ्ठा बांधला तेव्हा यशोधन वहीतल्या खुणा मोजून म्हणाला, "दर तीनातली एक चुकलीय." मग थोड्या वेळाने, माझ्याकडे न बघता, "नानांकडे मी पण येतो."

नाना त्यांच्या खोलीत होते. टेबलाशेजारी भिंतीला टेकवून संगमरवराची कोनशिला उभी केली होती: 'शीतकरण केंद्र, खिरेवाडी'. खाली नाव, तारखेची जागा मोकळी. मी बसले नाही. उभ्यानेच सगळं सांगितलं. कालवड, कॅनवरचे ओरखडे, सात चिठ्ठ्या, चोर गाई. माझं झाल्यावर नानांनी टोपी काढून टेबलावर ठेवली.

"गोठा वाढवला," ते स्वतःशीच म्हणाले. "आमची आईबी असंच म्हणायची. मी ह्याच मातीतला, दाबकेबाई. त्या एकसष्ट चिठ्ठ्यांतली एक जरी कुणी माझ्या हातात ठेवली असती तर मला वाचताक्षणी कळलं असतं."

"हो. आम्ही ठिपके ठेवले."

"आणि मी ठिपक्यांना भुललो." त्यांनी फोन उचलला, वाहतूक विभागाच्या माणसाच्या घरी लावून त्याला बोलवायला सांगितलं आणि तो लाइनवर येईपर्यंत रिसीव्हर कानाला तसाच धरून ठेवला. "उद्यापासून खिरेवाडीची गाडी साडेसहाला. डोंगराकडच्या सगळ्याच केंद्रांची. शहर थांबंल तासभर." फोन ठेवून ते माझ्याकडे वळले. "करार उद्या होणार नाही."

"मान्य आहे."

"आणि सभेत हे तुम्ही सांगायचं. मी नाही."

यशोधन काही बोलायला गेला. मी मान हलवली. "सांगते."

सोमवारी संघाच्या आवारात मांडव घातला होता. हजारेक माणसं असतील. पुढे संचालक, दोन पाहुणे अध्यक्ष फेटे बांधून, उजवीकडे बायका. परिषदांत मी शेकडो विद्वानांपुढे न अडखळता बोलले होते. त्या दिवशी माइक हातात घेतला तेव्हा पहिलं वाक्य मनात दोनदा म्हणून पाहिलं. मी म्हणाले, "मी तुमच्या चिठ्ठ्या वाचणारं मशीन बनवलं. त्याने तुमच्या गाईंना चोर ठरवलं."

मागून कुठून तरी हसू फुटलं आणि ते मांडवभर पसरलं. मी एकेक सांगत गेले. उलटलेली गाय ऐकून तर एक म्हातारे मांडीवर थापा मारायला लागले. खिरेवाडीपाशी मी आले तेव्हा मात्र कोणी हसलं नाही. मी जनावर हा शब्द उच्चारला, आणि संगीताचं नाव न घेता तिचा हात सांगितला. माझ्यामुळे सात चिठ्ठ्या वाया गेल्या, असं म्हणाले आणि थांबले. पाहुण्यांपैकी एक अध्यक्ष शेजारच्याच्या कानात काहीतरी बोलत होते.

"बाई," मांडी थापटणारे म्हातारे उठून उभे राहिले. "'सड गेलं' लिहिलं तर तुमचं मशीन काय म्हणंल?"

"सड कुठेतरी गेलं, असं म्हणेल."

"हरवलं म्हणून शोधायला लावंल!" कोणीतरी ओरडलं. "सड गेलं म्हंजे त्या सडातून दूध येत न्हाई. लिहून घ्या."

"'आटली' लिहा! गाय आटली!"

"कडबा उदंड झाला म्हंजे संपला, बाई. आमच्याकडं संपला म्हणत न्हाईत!"

बायकांच्या बाजूनेही आवाज यायला लागले. मी माइक धरून नुसती उभी होते. खाली पाहिलं तर यशोधन मंडपाच्या खांबाला टेकून, वही गुडघ्यावर धरून भराभर लिहीत होता, आणि चार माणसं त्याच्या खांद्यावरून वाकून, तो बरोबर लिहितोय का ते बघत होती.

तेवढ्यात बायकांतून संगीता उठली. तिच्या हाताची पट्टी पाहिली आणि लोक आपोआप गप्प झाले.

"गाडी आज साडेसहाला आली," ती म्हणाली. "चांगलं झालं. हे शब्दबी तुम्ही शिकवाल मशीनला. पण उद्या मी आणखी नवीन काही लिहीन, ते त्याला कुणी शिकवलेलं नसंल. तवा काय?"

"तेव्हा ते पुन्हा चुकेल."

"चुकू द्या की. माणूसबी चुकतं. पण वाव्हळभाऊंना चिठ्ठी कळली न्हाई तर ते फोन करायचे केंद्रावर, म्हणायचे, हे काय लिहिलंय. तुमच्या मशीनला कळतं का, आपल्याला कळलं न्हाई ते?"

नऊ वर्षांत, एवढ्या निबंधांत, हा प्रश्न मला कोणी विचारला नव्हता. मी स्वतःलाही नाही. माझ्या प्रोग्रॅमला प्रत्येक शब्दाचं उत्तर द्यायचंच असतं, असं मी धरून चालले होते. येत नसेल तरी काहीतरी सांगायचं, आणि ते ठामपणे सांगायचं.

"नाही," मी माइकवर म्हणाले. "ते त्याला कळत नाही."

"मग आधी तेवढं शिकवा," संगीता म्हणाली आणि खाली बसली.

ते शिकवायला आम्हाला चौदा महिने लागले. पाचांपैकी दोघं सोडून गेली. त्यांना दोष नाही. मी आणि यशोधन आळीपाळीने संकलन केंद्रांवर जाऊन बसायचो. जिथे एका शब्दाच्या आजूबाजूला त्याचे नेहमीचे सोबती दिसत नाहीत, तिथे प्रोग्रॅमने थबकायचं, अर्थ लावायचा नाही आणि ती चिठ्ठी 'माणसाने वाचावी' या गटात टाकायची, एवढंच खरं तर नवीन होतं. पहिल्या महिन्यात निम्म्या चिठ्ठ्या त्या गटात गेल्या. नानांनी त्या वाचायला वाव्हळांना निवृत्तीतून परत बोलावलं. करार त्यानंतर झाला, कुठलाही गाजावाजा न करता, कोनशिला टेकवलेल्या त्याच खोलीत. आणि ते कानात बोलणारे पाहुणे अध्यक्ष आमचे दुसरे गिऱ्हाईक झाले. त्यांनी सांगितलं, चूक कबूल करायला आलेला सॉफ्टवेअरवाला आपण पहिल्यांदाच पाहिला, म्हणून पत्ता लिहून घेतला होता.

पुढे कंपनी बरीच मोठी झाली. बँका आल्या, इस्पितळं आली, इतर भाषा आल्या. लोक मला व्याख्यानांत विचारतात, संशोधनातून धंदा उभा राहिला तो नेमका कोणत्या दिवशी. मी करार झाला ती तारीख सांगते, कारण तीच कागदावर आहे.

पण त्या करारानंतरच्या पावसाळ्यात एका सकाळी वाव्हळांचा कोथरूडला फोन आला. "मॅडम, खिरेवाडीची एक चिठ्ठी मशीननं माझ्याकडं टाकलीय. तुमच्यासाठी आहे असं दिसतंय. वाचू?"

"वाचा."

ते घसा खाकरून, एकेक शब्द सुटा करत वाचू लागले. "'काल गाय आणली. जर्सी. चार पाय, दोन शिंगं, एक शेपूट. मशीनला समजंल असं लिहिलंय. संगीता औटी.'"

"मशीनला समजलं नाही?" मी विचारलं.

"न्हाई ना," वाव्हळ म्हणाले. "म्हणून तर माझ्याकडं आली."